काळं धुणं

म्झेविनार परत आली तेव्हा तिच्याकडे
चावीचा एक कॅमेरा होता
आणि सामान म्हणावं असं दुसरं काही नव्हतं.
एकोणिसाव्या वर्षी तोंड काळं करून गेली होती,
असं आमच्या चियातुरात अजून म्हणतात.
म्हणणाऱ्यांची तोंडं मी पाहिली आहेत
पाळी संपवून खाणीतून वर येताना.

तिने माझ्याकडे चादर मागितली.
"जुनी चालेल?"
"लग्नातली आहे का?"
होती. पेटीच्या तळाशी, डांबरगोळ्यांच्या वासात,
कडेने गुलिकोमावशीने विणलेली जाळी,
कोपऱ्यात आमच्या दोघांची आद्याक्षरं, जाड पांढऱ्या दोऱ्यात.
का दिली, आजही सांगता येत नाही.
बिचिको असता तर देऊ दिली नसती.

दुसऱ्या दिवसापासून ती क्विरिलात उतरू लागली.
आमची नदी काळी.
वर मँगनीज धुतात, खाली त्याचं पाणी आम्हाला.
गुडघाभर पाण्यात उभी राहून
ती चादर बुडवायची, घोळायची, दगडावर आपटायची,
साबण लावून, मन लावून,
जणू निघणारच आहे.
कॅमेरा काठावर तिपाईवर.
चावी भरायची, खटका दाबायचा
आणि तिच्या डोक्यावरचं आभाळ कापायचं नाही,
एवढं काम माझं.

पुलावर बायका जमल्या.
"अगं, असं नाही पिळत!" त्सियाला वरून ओरडली.
चौथ्या दिवशी तीच खाली आली, स्कर्ट खोचून,
दाखवायला.
मग तिची सून. मग शाळेतली गणिताची बाई,
जी कोणाशी बोलत नाही.
पाण्यात बोलली. काय ते मला ऐकू आलं नाही,
खटक्याचा आवाज मोठा.

रात्री ओली चादर माझ्या स्वयंपाकघरात पसरून
डागांच्या कडेकडेने ती पेन्सिल फिरवायची,
तारीख टाकायची, आणि गुडघ्यांवरच झोपून जायची.
मी भाकरी तिच्या बाजूला ठेवायचे, कागदात गुंडाळून,
चित्रावर तूप नको.
किती दिवस चाललं, मोजलं नाही.
साबणाच्या अकरा वड्या गेल्या.

तिबिलिसीहून एक मुलगा अनुदानाचा फॉर्म घेऊन आला.
चित्र, नाट्य, चित्रपट:
एकाच चौकोनात खूण करावी.
तिने माझ्याकडे पाहिलं.
"धुणं लिही," मी म्हणाले.
तिने लिहिलं.
अनुदान आलं नाही.

मग बंद पडलेल्या रोपवेच्या वरच्या स्टेशनात
तिने चादर टांगली. लाल डबा अजून तिथेच लोंबतो,
काचा नाहीत, आत कबुतरं.
याच स्टेशनात बिचिकोने सत्तावीस वर्षं दांडा ओढला.
दिवा गेला, प्रोजेक्टर घरघरला,
आणि काही दिसेना.
एवढ्या काळ्या कापडावर काय दिसणार?
मागून कोणी शीळ घातली.
लोक उठून पुढे आले, अजून पुढे, नाक लागेल इतके.
इथे एक कोपर. तिथे त्सियालाचं पोट आणि तिचं स्वतःचं हसणं,
"मी एवढी जाड?"

मी कोपरा शोधत होते.
जाड दोऱ्याने काळं धरलं नव्हतं.
आमच्या आद्याक्षरांएवढ्या पांढऱ्यावर
दुसराच कुठला तरी तुकडा चालला होता, जुना, थरथरता:
डब्याचं दार, आतून काढलेलं.
ते बंद करणारा एक हात.
अंगठ्याचं नख चिरडलेलं.
ते नख मी किती वर्षं कापलं.

"शेवटचा डबा होता," म्झेविनार माझ्या कानाशी म्हणाली.
"तिकिटाला पैसे नव्हते. त्यांनी विचारलंच नाही.
म्हणाले, दार धरू नकोस, बोटं जातील."

बाहेर आम्ही दोघींनी चादरीची घडी घातली,
चार हातांनी, टोकाला टोक.
"परत देऊ का?" ती म्हणाली.

"धुऊन दे."