हुलीवाघ

रात्रीचे पावणेबारा. सेकंड शिफ्ट सुटली,
फाउंड्रीची काळी वाळू अजून कानात आहे.
वडगावच्या आमच्या गल्लीत कुणाचा तरी माग चालू,
खटक-खट, खटक-खट,
आणि स्क्रीनवर तो उभा.
लेव्हल एकाहत्तर.
काही न करता श्वास घेतोय.
बसवून दिलेला श्वास,
दर चार सेकंदांनी खांदे वर, खांदे खाली.

चुकलंय, मला ठाऊक आहे.
धनुर्धारी केला आणि सगळे गुण ताकदीत ओतले.
पंधरा वर्षांचा होतो,
ताकद असली की झालं, असं वाटायचं.
आता ह्याचा बाण लांब जातो, लागत नाही.
किल्ल्याच्या दारात पहिला हाच पडतो.
बाकीचे सात जण थांबायचे माझ्यासाठी.
मग थांबेनासे झाले.

परशराम म्हणाला, "उडव की त्याला.
नवा कर, दोन महिन्यांत बरोबरीला येशील मर्दा.
वाळल्या झाडाला पाणी कशाला घालूलास?"

बरोबर आहे त्याचं.
आमच्याकडेसुद्धा पोकळी राहिलेला जॉब
कुणी लिंपत बसत नाही.
हातोडा, तुकडे, परत भट्टी.
वितळलं की लोखंड सगळं विसरतं, असं सुपरवायझर सांगतो
नव्या पोरांना.
विसरत नाही. गंधक राहतं.
पुढच्या ओतकामात कुठेतरी, कडेला, तडा जातो
आणि मग सगळे वाळूला दोष देतात.

खानापूर रोडचा कॅफे, तासाला पंधरा रुपये.
एका खुर्चीत दोघं,
माऊस ईरण्णाचा, कीबोर्ड माझा.
नाव काय ठेवायचं, ह्यावर अर्धा तास गेला,
म्हणजे साडेसात रुपये.
तो म्हणाला, हुली.
मी म्हणालो, वाघ.
जनावर एकच, दोन घरांतलं.
मागे बसलेला कोणीतरी ओरडला,
"दोन्ही ठेवा की, आम्हाला पण खेळायचंय!"

त्याच सुमाराला गावाच्या नावालाही एक वेलांटी जास्तीची लागली.
आमच्या गल्लीत दोन दिवस कुणी कुणाशी नीट बोललं नाही.
आम्ही मात्र रोज सहाला कॅफेत.
हुलीवाघ तेव्हा लेव्हल नऊ होता
आणि कोल्ह्यांना भीत होता.

ईरण्णा आता होसूरला, मोटारींच्या कारखान्यात.
मित्रांच्या यादीत त्याचं नाव करडं,
'शेवटचा आला: तीन वर्षांपूर्वी.'
भांडण नाही काही. लग्न झालं, शिफ्ट बदलली.
जाताना त्याच्या पात्राने ह्याला एक कांबळं दिलं होतं.
थंडीपासून रक्षण: एक.
विकता येत नाही, कुणाला देता येत नाही,
'ही वस्तू पात्राशी बांधलेली आहे.'

बटण दाबलं.
*कायमचं मिटवायचं असल्यास पात्राचं पूर्ण नाव लिहा.*

हे कुणी ठरवलं असेल?
ज्याला मारायचं त्याला आधी हाक मारायची.

हु. ली.
आणि बोट थांबलं.
उरलं होतं ते माझंच अर्धं होतं,
तरी लिहवेना.

आतून आई, "अजून काय करूलास रे? जेवण गार झालं."
"आलो की."

एकेक अक्षर मागे घेतलं.
त्याला पहिल्या गावात नेला, विहिरीपाशी,
जिथे नवखे शेळ्यांना काठ्या मारत शिकतात.
चिलखत काढलं, कांबळं घातलं, बसवला.
बसूनही श्वास तेवढाच.

मग दुसरा रकाना उघडला.
उघडा, कोरा, कुठलेच गुण नसलेला एक जण.
खाली चौकोन: नाव?

माग थांबला होता. दोरा तुटला असेल.
चौकोनात रेघ लुकलुकत राहिली.
मोबाईल घेतला, बारा वाजून चार मिनिटं झालेली, आणि लिहिलं:

ईरण्णा, झोपलास काय?
एक जनावर सांग.