चौथी खोली

सात जण, चार रात्री, प्राग.
दर गुरुवारी फणसेंच्या दुकानावरच्या माळ्यावर बैठक,
दांडिया बाजारात. वही माझ्याकडे,
कारण तेहतीस वर्षं मी दुसऱ्यांचेच हिशेब ठेवले
आणि ते जुळले.

मेमध्ये रेग्यांचे आंबे.
डिसेंबरात पागेदारांचे गुडघे.
शेवटी सप्टेंबर ठरला, तर कुणीतरी म्हणालं, पितृपंधरवडा.
फणसे म्हणाले, बाबांचं पान तिथंच वाढू,
त्यांना फिरायची हौस होती, कुणी नेलं नाही.

नदीचं नाव कुणालाच उच्चारता येईना.
सुरुवातीलाच तीन व्यंजनं एकमेकांच्या अंगावर.
रेग्यांनी जोर लावला आणि त्यांना लीला चिवडा ठसकला.
मग तिला तिथली विश्वामित्री म्हणायचं, असा ठराव.
तिच्यात मगरी नाहीत, हंस आहेत,
पागेदारांच्या मुलानं फोनवर सांगितलं.
पागेदारबाई जरा हिरमुसल्या:
मगर निदान पावसाळ्यात सोसायटीत येते,
जिन्यापाशी थांबते.
हंस कुणाकडे जातो?

मग खोल्या.
पागेदार आणि बाई, एक.
फणसे आणि त्यांचा मेहुणा रेगे, दोघंही घोरतात, दोन.
मी आणि ही, तीन.
उरल्या शकुताई कारखानीस.
एजंटच्या कागदावर अगदी तळाला, बारीक अक्षरात:
एकट्यानं राहणाऱ्यास जादा आकार,
एकोणीस हजार चारशे.

आम्ही लगेच उदार झालो.
आमच्यात येतील की, ही म्हणाली, एक खाट टाकू.
छे, आमच्यात, पागेदारबाई म्हणाल्या,
ह्यांना खाली गादीवर झोपायची सवय आहे.
जादा खाटेचे फक्त दोन हजार.
मी लिहायलाही घेतलं.

शकुताई चिवड्यातले बेदाणे बशीच्या कडेला लावत होत्या.
थांबा, म्हणाल्या.
रावपुऱ्यात आम्ही नऊ भावंडं, दोन खोल्या.
लग्न झालं तर पडद्यापलीकडे दीर.
मग पाळणा.
मग अकरा वर्षं सासूबाईंच्या पायथ्याशी,
हाक मारली तर ऐकू यावी म्हणून.
हे गेले, त्या तेराव्यापासून शेजारी नात,
आजीला एकटं वाटू नये म्हणून.
ती आता बारावीत आहे, दिवा लावून वाचते.
बहात्तर वर्षांत एकदाच एकटी झोपले.
सहा वर्षांची होते, गालगुंड झाले होते,
इस्पितळात वेगळी खोली दिली होती.
छान होतं,
असं म्हणून त्यांनी एक बेदाणा खाल्ला.

पिशवीतून भिशीचं पाकीट निघालं.
मी दोनदा मोजलं. बरोबर एकोणीस हजार चारशे.
म्हणजे बारीक अक्षर त्यांनी आमच्या आधी वाचलेलं.

पुलाचं विचारलं नाही, घड्याळाचं नाही,
जेवण शाकाहारी मिळेल का, तेही नाही.
एवढंच:
दाराला आतून कडी असते ना?

खाली बाजारात कुणीतरी शटर ओढलं.
फणसेंनी उगाच मनगटावर पाहिलं, घड्याळ घातलेलं नव्हतं.
मी वहीत लिहिलं: खोली चौथी, श. का.
पुढं 'एकट्या' लिहावं की काय, कळेना.
नुसता आकडा घातला, १,
आणि पुढच्या मुद्द्यावर गेलो. विमा.

रात्री दिवा मालवला.
मी खिडकीकडे, ही भिंतीकडे,
चव्वेचाळीस वर्षांच्या ठरलेल्या जागा.
झोपली असेल, असं धरून
मी अहमदाबादची तारीख, फोटोंचा आकार, बँकेचे कागद
मनात ओळीनं लावत होतो.

तेवढ्यात अंधारातून आवाज आला, अगदी सहज,
गवारीचा भाव विचारावा तसा:

किती म्हणालात,
ते जादाचे?