गोळ्यावर न मावलेलं अक्षर

जहाज वर्षातून एकदाच येतं, ऑगस्टात,
उपसागरातला बर्फ वाट देतो तेव्हा.
यंदा त्यातून पीठ आलं, रॉकेल, काडतुसं,
आणि गावसमितीसाठी विजेवरचा टाइपरायटर,
ज्याची सगळी अक्षरं एका धातूच्या गोळ्यावर,
सुपारीहून मोठ्या, लिंबाहून लहान.

तामुसीनं सोबतचं पत्रक तीनदा वाचलं.
चौथी रांग गाळली आहे, असं होतं त्यात,
ऐ, पै, तै, कै, मै...
गोळ्यावर जागा पुरली नाही.
यापुढे दोन अक्षरं शेजारी ठेवून काम भागवावं.

इथल्या अक्षराला काना नसतो, वेलांटी नसते.
आपण त्याच्या डोक्यावर, पायाशी काहीबाही टांगतो;
इथं अक्षर स्वतःच वळतं.
त्रिकोणाचं टोक वर, तर पि.
उजवीकडे, पु.
डावीकडे, प.
आणि खाली,
बर्फाला भोक पाडायला धरलेल्या पहारीसारखं, पै.
तामुसीला हे आईनं शिकवलं होतं,
बुटाच्या तळव्याचं कातडं मांडीवर फिरवत:
कातडं तेच आहे रे. वळवायचं तू.

मासे वाळत घालून ती भत्त्याच्या कागदासाठी आली,
मनगटापर्यंत खवले.
गोळा गर्रकन फिरला, तीनदा टक झालं.

ᒪᐃᓇ

तिनं कागद लांब धरला, मग जवळ.
कोण ही?
तू. मैना.
मी नाही ही, ती म्हणाली, आणि त्याच्या कानावरची पेन्सिल काढून

ᒣᓇ

तिच्या नावातलं पहिलं अक्षर म्हणजे कोपरात वाकवलेला हात,
झोपलेल्या पोरावरून घेतलेला.
दुसरं, दोरीची गाठ, शेपूट बाहेर राहिलेली.
यंत्राच्या नावात तो हात उलथून जमिनीवर पडला होता,
आणि त्याच्या नि गाठीच्या मधोमध
कुणी परक्यानं तंबू ठोकला होता.

चहाच्या डब्यात सात पत्रं आहेत.
छातीचे फोटो काढणारं जहाज तिच्या आईला घेऊन गेलं
तेव्हा मैना सहा वर्षांची.
दक्षिणेच्या इस्पितळातून पत्रं येत,
तापाच्या तक्त्यांच्या पाठीवर, डासाएवढ्या अक्षरांत,
कागद पुरावा म्हणून.
फक्त नाव मोठं, तीन ओळी अडवून बसलेलं.
इथं झाडं आहेत. रात्रभर बोलतात, सांगत काही नाहीत.
मांस शिजवून शिजवून मारतात.
ᒣᓇ, कुत्र्यांकडे बघ.
सातव्या पत्रातही कुत्रीच आहेत,
मग मोकळी जागा,
मग नुसतं ᒣ.
गाठ मारायची राहिली.

हे तिनं त्याला तेव्हा सांगितलं नाही.
त्याला ठाऊक होतंच; वाचायला तो त्याच पत्रांवर शिकला.

त्यानं नवा फॉर्म चढवला, तीन प्रती, मध्ये कार्बन.
वय टंकलं, घरातली माणसं टंकली, गावाचं नाव.
नावाची चौकट रिकामी ठेवून कागद टेबलावर घेतला
आणि पेन्सिल पुढे केली.
ती कातडं टोचताना बसते तशी बसली,
जीभ दातांत धरून.

ऑक्टोबरात विमानानं फॉर्म परत आला:
नाव यंत्रावर लिहिलेलं हवं.
भत्ता दोन महिने लांबला.
मैना म्हणाली, असू दे, मासे आहेत,
आणि त्यानं पुन्हा रिकामी चौकट पाठवली.

तिसऱ्यांदा काय झालं ते तामुसी नीट सांगत नाही.
टेबल दाखवतो.
तिन्ही प्रती नि दोन्ही कार्बन भेदून
तिचा हात लाकडात उतरलाय, कोपरात वाकलेला.
चहा सांडला की
आधी तो भरतो.