समासात

पानामागे बारा सेंट. कार्बन कॉपीचे तीन वेगळे.
ग्लेनडेलमध्ये, ड्रायक्लीनरच्या वरच्या खोलीत
मी ऑर्लो प्रुसाकचे राक्षस टाइप करायचे.

सोमवारी गॉसेटसाहेबांचा फोन:
पोशाख आहे, गोष्ट लिही.
पोशाख एकच होता. पहिल्या वर्षी मासा,
दुसऱ्या वर्षी करडा रंग मारून चंद्रावरचा,
तिसऱ्या वर्षी त्यावर घोड्याचे केस चिकटवले
आणि तो डोंगरातून खाली आला.
पाठीवरची चेन दिसायला नको,
म्हणून ऑर्लोनं पानोपानी लिहिलं:
तो मागे वळत नाही.
समीक्षक असते तर म्हणाले असते, काय हा निग्रह.
समीक्षक नव्हते.

रबरात माणूस अकरा मिनिटं तगतो.
म्हणून उरलेला तासभर
शेरीफ, प्रोफेसर आणि प्रोफेसरची मुलगी
एका खोलीत उभे राहून त्याच्याविषयी बोलायचे.
खोली स्वस्त, बोलणं त्याहून स्वस्त.
भीती म्हणजे दुसरं काय, ऑर्लो म्हणायचा,
दाराकडे बघत मारलेल्या गप्पा.

शुक्रवारी तो यायचा, टोपीच्या खोक्यात पानं घेऊन.
पानांवर अंड्याचे डाग. समासात पेन्सिलीनं,
मुंगीएवढ्या अक्षरात, आणखी काहीबाही:

माझे पाय ओले आहेत.
बाई, किंचाळू नका, मला जिना कुठेय एवढंच विचारायचंय.
इथे पाव कितीला मिळतो?

हेही टाइप करू?
नको, तो म्हणाला. बोलला की रोजी वाढते.
मुका राक्षस दिवसाला पस्तीस डॉलर, बोलका सत्तर.
गॉसेटला झेपायचं नाही.
मग खिडकीतून खाली, वाफेत हेलकावणाऱ्या
परक्यांच्या कोटांकडे बघत राहिला.
त्याचा बाप नेब्रास्कात खाटीक. घरात चेक बोलायचा,
दुकानात फक्त बोटं दाखवायचा. हे एकदाच सांगितलं,
तेही पैसे मोजताना.

अठ्ठावन्नच्या जुलैत तो मला फ्रेस्नोला घेऊन गेला,
त्याचा सिनेमा बघायला, उघड्यावर, गाडीत बसून.
बाजूच्या गाडीतली पोरं हॉर्न वाजवत होती,
कुणीतरी पडद्यावर कांदा फेकला.
ऑर्लोनं खिडकीला टांगलेल्या स्पीकरचा कान पिळला.
आता ऐक, म्हणाला.
काय ऐकू? आवाज तर बंद केलास.
गळ्याकडे बघ.

पोशाखात टिबोर होता, बुडापेस्टचा कुस्तीगीर,
त्याचं इंग्रजी म्हणजे गळकी बादली.
हनुवटीखालची रबराची घडी
हलत होती. थांबत होती. परत हलत होती.
आत, जिथे माइक पोहोचत नाही,
तो समास म्हणत होता, शब्दन् शब्द.
माझ्या हातून गेलेली पानं, मला कळणार नाही?
माझे पाय ओले आहेत, म्हणाला,
आणि शेरीफनं गोळी घातली.
पोरांनी टाळ्या वाजवल्या.
ऑर्लो शेंगदाणे सोलत बसला होता. मी रडले नाही,
मला रुमालाची लाज वाटली, इतकंच.

तो गेला तेव्हा खोली एका दुपारीत रिकामी झाली.
श्रेयनामावलीत त्याचं नाव पाचदा आलं होतं,
त्यात दोनदा चुकीचं.

एका रात्री मी नुसता समास टाइप केला होता.
सिनेमा नाही, शेरीफ नाही, मधली जागा कोरी.
सात पानं. चौऱ्याऐंशी सेंट.
बिल अजून माझ्याकडेच आहे.