कोपर

कुताइसीत, बंद पडलेल्या ट्रक कारखान्याच्या
तळघरात उतरले की
आधी कॅमेऱ्याची काच घामेजते, मग मी.

बादुरनं बजावलं होतं, चेहरा नको.
बाप पोलिसात आहे.
म्हणून तीन हिवाळे मी त्याच्या गळ्याखालीच राहिले:
मनगटं, काठ्या, उसवलेला बूट,
झांजेवरून उडणारी छताची माती.
थेओना गायची. गायची कसली,
भिंतीशी भांडायची.

यंदा मार्चमध्ये दार वाजलं.
उशांगी. अंगात गणवेश नाही,
हातात टोपी, पिशवीत अक्रोड.
"जप्त करायला नाही आलो.
पोरगा पोलंडला गेला, फोन उचलत नाही."

लॅपटॉप उघडला.
धूर, एकच बल्ब, पाच-सहा जण,
तोंड एकालाही नाही.
मी बोट दाखवणार
तर त्यानंच नख टेकवलं पडद्यावर,
डाव्या कोपराच्या वाकड्या हाडाशी.
"तुतीवरून पडला होता, सात वर्षांचा.
मीच बसवलं ते.
नीट बसलं नाही."

मग म्हणाला, आवाज वाढव.

वाढवला.

अजून, म्हणाला.