माप

पंधरा हजारांचा मुचलका मोरेश्वरचा,
जामीन माझा.
घरटॅक्सची पावती, आधारकार्डाची झेरॉक्स,
आणि दिग्रसच्या कोर्टात, उभ्याउभ्याच,
तीन ठिकाणी सही.
वकील म्हणाले, नुसती फॉर्म्यालिटी हाय.

सागाच्या पाट्यांची केस.
तीन तारखांना तो आला.
चौथीला पट्टेवाल्यानं व्हरांड्यात
तीनदा त्याचं नाव पुकारलं
तर मीच उठून उभा राह्यलो,
काहून, देव जाणे.

मंग नोटीस, माझ्या नावाची:
रक्कम का वसूल करू नये, कारण दाखवा.

कुठं आहे तो? साहेबांनी विचारलं.
साहेब, मी टेलर.
छाती अडतीस, बाही साडेतेवीस,
डावा खांदा बोटभर उतरता,
लहानपणी निंबावरून पडला होता.
पँट गुडघ्यात ढिलीच लागते त्याले.
लिहिता लिहिता बाबू थांबला.
हे नका घेऊ, साहेब म्हणाले.

महिन्याची मुदत भेटली.
कोणी म्हणे आदिलाबादच्या गाडीत दिसला,
कोणी म्हणे बहिणीकडं, मानोऱ्याले.
दोन्हीकडं जाऊन आलो.
बहिणीनं चहा पाजला, बसस्टँडपर्यंत आली,
बोलली नाही.

पंधरातले पाच माफ झाले.
दहा भरले, पिकोची मशीन विकून.

त्याचा एक शर्ट खुंटीवर आहे,
पोळ्याच्या आधी टाकला होता शिवायले.
काल रात्री लाइट आली तेव्हा
काजं करून टाकली, सहाही.
बटनं लावायची राह्यली.