बंदच्या आदल्या रात्रीचं पीठ

साडेनऊला शहापूरच्या गल्लीतून रिक्षा फिरली,
भोंग्यातून उद्याचा बंद.
दस्तगीरमामूंचे हात तेव्हा कोपरापर्यंत मैद्यात.
पंचवीस किलो मळून झालेलं,
कालचा गोळा त्यात मुरलेला.
"आता ह्याला कोण सांगायचं?" मामू म्हणाले.

मी तेरा वर्षांचा, भट्टीवर पत्रे पुसायला.
बंद कुणाचा होता, आठवत नाही.
पाटीवरून होता, की बसला काळं फासल्यावरून,
ह्यांचा, की त्यांचा.
ओल्या फडक्याखाली पीठ फुगत होतं
एवढंच आठवतं.

"बघालायस काय? बोट घाल."
खळगा भर्रकन भरला तर कच्चं.
भरलाच नाही, तर गेलं.
झोपेतल्या माणसानं कूस बदलावी
तसा सावकाश भरला, तर आलं.

बाराला बस्त्यावशेठ आले, दारातच उभे राहिले.
"घाल गटारात. नुकसान माझं."
मामूंनी उत्तर म्हणून
मूठभर मैदा भट्टीत भिरकावला.
पडताक्षणी काळा.
थांबले. बिडी ओढली.
दुसरी मूठ करपट तांबूस.
तिसरी, मोजून वीस आकड्यांनी, गव्हाळ.
तेव्हा फावडी उचलली.
शेठनी कोट खुंटीला लावला
आणि गोळे वळायला बसले.

पहाटे सहाशे पाव, शटर खाली.
सायकल काढायची नाही, हाक द्यायची नाही.
पण वासाला कडी कुठली?

मागल्या दारी पहिली आली नागव्वा,
पोरगा तीन दिवस तापात,
चहात बुडवलेल्या पावाशिवाय काही घेईना.
मग नाक्यावरचा पोलीस, रात्रभर उभा.
"एष्टु?"
मामूंनी बोटं दाखवली.
मग एक पोरगा, तोंडाला रुमाल.
सुटे शोधायला त्यानं खिसा उलटा केला,
आधी दगड निघाले.
एकेक करून फळीवर मांडले,
पोलिसाच्या कोपराशेजारी.
तळाशी पाच रुपये.

पोलीस पाव चावत होता.
मामूंनी पावाच्या बुडावर टिचकी मारली,
पोकळ वाजला तोच पोराला दिला.
दगड परत खिशात गेले,
एक राहिला.

पुढं बरीच वर्षं
वारा सुटला की पिठावरचं फडकं उडू नये म्हणून
तोच ठेवायचो.